पुढे केलेला हात

रोम, १२ फेब्रुवारी १९९८

प्रिय डेल्फिना,

नाताळात तू पाठवलेलं चीज पोचलं, संपलं, आणि माझे स्कर्ट मला घट्ट व्हायला लागले. तुझे आभार मानायचे की तुला शिव्या घालायच्या, ते अजून ठरत नाहीये.

आता मुद्द्याचं. आमच्या इथल्या बहिऱ्यांच्या संघाला महिन्यातून एकदा सिस्टीन चॅपेलमध्ये गट न्यायची परवानगी मिळाली आहे. सगळ्या जगाला दारं उघडण्याआधी, भल्या सकाळी, मोजकी माणसं. आणि गाईड कोण? मी! हसू नकोस. परीक्षा देऊन बिल्ला मिळवलाय. फ्लामिनिया म्हणते, आई तो गळ्यात घालून भाजी आणायलासुद्धा जाते. जाते तर जाते.

तुला तिथली गंमत सांगते. आत बोलायला बंदी आहे. ऐकणाऱ्यांचे गाईड बिचारे बाहेर अंगणात चित्रांच्या फळ्यांपुढे उभे राहून सगळं आधीच सांगून टाकतात आणि आत गेल्यावर मुकाट्याने फिरतात. कुणी कुजबुजलं तर रखवालदार ओरडतो. म्हणे फार मोठ्याने ओरडतो. आपल्याला त्याचं तोंड उघडमीट होताना दिसतं तेवढंच. आणि आम्ही बहिरे मात्र बरोब्बर मधोमध उभे राहून हातांनी मनसोक्त बोलतो! हात हलवायला कुणाची बंदी नाही. पहिल्या दिवशी मला इतकं हसू आलं की छताकडे बघायचंच राहिलं.

डेल्फिना, आता तरी ये. शाळेतलं ते चित्र आठव. हातांनी बोललं की सिस्टर युफ्राझिया बोटांवर पट्टी मारायची, आणि तिच्याच मागे भिंतीवर याच छतावरचं ते चित्र: देवाचा हात आणि आदमचा हात. धुलाईघराच्या टेबलाखाली बसून आपण वाद घालायचो, देव हाताने काय म्हणतोय? मी म्हणायचे, "ऊठ आळशा, दुपार झाली." तू म्हणायचीस, हे नाही; पण तुला काय वाटायचं ते मला अजून माहीत नाही. खरं चित्र बघितलं की सांगेन, म्हणाली होतीस. आपण दोघी म्हाताऱ्या झालो, बाई. सांगायचं असेल तर लवकर सांग.

तुझी,
योले


जेमोना, २६ फेब्रुवारी १९९८

प्रिय योले,

येते. आणि लवकरच येते. पुढच्या वर्षी बघू, असं या वेळी म्हणणार नाही.

माझ्या दोनतीन अटी आहेत. स्टेशनवर घ्यायला तू स्वतः ये. संध्याकाळी मला कुठे फिरवू नकोस, रात्रीचं जेवण घरीच. आणि तुझ्या जिन्यात अजून तो मिणमिणता दिवा असेल तर आधी बदलून घे. म्हातारपणी नखरे वाढले असं समज.

इथे ठीक आहे. भरतकाम बंद केलंय. चर्चच्या वेदीवरचं कापड अर्धं राहिलं होतं, ते सिल्वानोच्या बायकोला दिलं. सिल्वानो, माझा भाचा, रोज येऊन चूल बघून जातो. परवा मी दुधाचं भांडं टेबलाच्या बाहेरच ठेवलं, म्हणजे हवेत, आणि सगळं दूध फरशीवर गेलं. मांजरीची चैन झाली. उदिनेला डोळ्यांच्या डॉक्टरकडे जाऊन आले. त्याचं सविस्तर नंतर लिहीन.

एक विचारू? तुला टेर्सिल्ला आठवते का? मला हल्ली फार आठवते.

तुझी,
डेल्फिना


रोम, ९ मार्च १९९८

अगं डेल्फिना,

आठवते म्हणजे काय! पण आनंदाच्या पत्रात ते अभद्र कशाला आणलंस? आधीच बहिरी, त्यात डोळे गेले, आणि मग तिच्याशी बोलायचं तरी कसं? जेवणघराच्या दाराशी भिंतीला टेकून, एक हात पुढे करून उभी असायची. कुणीतरी धरेल म्हणून. मी तर अंगणातून लांबचा वळसा घालून जायचे, भीतीच वाटायची तिची. देवाने एक काय ते न्यावं, डोळे तरी न्यावेत नाहीतर कान. मला असं झालं ना, तर मी सरळ तिबर नदी जवळ करीन, कुणाला ओझं होणार नाही. जाऊ दे, विषय संपला.

तुझा चष्मा बदलला असेल तर येताना नवाच घालून ये, छत फार उंच आहे. खांदे झाकणारे कपडे आण. मे महिन्याच्या पहिल्या शनिवारचा गट आहे, तुझं नाव लिहून टाकलंय. सकाळी निघताना कोपऱ्यावर मलई भरलेला पाव आणि कॉफी. तुझ्या त्या मक्याच्या लापशीचं, पोलेंटाचं, नाव काढायचं नाही.

जिन्यातला दिवा बदललाय, महाराणी.

योले


जेमोना, २ एप्रिल १९९८

प्रिय योले,

तिकीट काढलं. सिल्वानो गाडीत बसवून देईल. डॉक्टरचं काही विशेष नाही, वयाचंच आहे.

डेल्फिना


रोम, १४ मे १९९८

डेल्फिना,

तू घरात होतीस तोवर मी तोंडातून ब्र काढला नाही. पाहुणी होतीस. आता लिहिते.

स्टेशनवर माझ्या मुलीने हात पुढे केला. पोटुशी पोर, तुझ्यासाठी तासभर उभी होती. तू तिच्या तोंडाकडे बघून हसलीस आणि तिचा हात तसाच हवेत ठेवलास. ती ओशाळून माझ्याकडे बघायला लागली. माझ्या नवऱ्याला ऐकू येत होतं, म्हणून तो तुला कधी आवडला नाही. तो बिचारा गेला. आता त्याची मुलगी ऐकते, हाही तिचाच गुन्हा का?

जेवताना मी टेबलापलीकडून तुला किती गोष्टी सांगितल्या. अर्ध्यावर तू ताटात बघायला लागायचीस. 

पण चॅपेलमध्ये तू जे केलंस, ते मला जन्मात विसरता येणार नाही. इतकी शांत सकाळ, खिडक्यांतून नुकता उजेड आत येत होता. गटाला मी आधीच सांगून ठेवलं होतं की आज माझी शाळेतली मैत्रीण येणार, आणि तिने जन्मभर लपवलेलं उत्तर आज सांगणार. सगळे आपल्याभोवती कडं करून उभे होते. तू मान वर करून बघत होतीस. मी तुझ्या शेजारी येऊन तुझं खुणेचं नाव घेतलं, कानाची पाळी चिमटीत धरून, तेच नाव, मीच दिलेलं. तू बघितलं नाहीस. मी अजून जवळ आले. तुझ्या दंडाला हात लावला, तू माझ्याकडे वळलीस, आणि मी विचारलं, "आता सांग, देव काय म्हणतोय?" तू माझ्या छातीकडे बघितलंस, खांद्याकडे बघितलंस, आणि तोंड फिरवून परत वर बघायला लागलीस. मी आणखी जवळ येऊन, हात मोठे करून पुन्हा विचारलं. तू पुन्हा तोंड फिरवलंस. सगळ्यांसमोर.

ऐकणारी माणसं भांडताना ओरडतात. आपल्यात नजर काढून घेतली की संपलं, तोंडावर दार आपटल्यासारखं. हे तुला मी सांगायला हवं? गटातल्या एका बाईने माझी कीव करून पाठीवर हात ठेवला. ती पाठ अजून जळतेय माझी.

काय चुकलं होतं माझं? नुसतं सांगायचं नव्हतं, तर नाही म्हणायचंस.

पत्र पाठवू नकोस.

योले सान्तारेल्ली


जेमोना, ११ ऑक्टोबर १९९८

प्रिय योले,

पाठवू नकोस म्हणालीस, तरी पाठवते. आधी उन्हाळाभर मी तुझ्यावर रागावून बसले होते. मग लाज वाटली, मग भीती. आता उशीर केला तर लिहिणंच व्हायचं नाही, म्हणून लिहिते. ओळी वाकड्या असतील तर चालवून घे.

मी तोंड फिरवलं नाही गं. तू मला दिसेनाशी झालीस.

माझ्या डोळ्यांची नजर कडेकडेने विझत चाललीय. उदिनेच्या डॉक्टरने कागदावर लिहून दिलं, बहिऱ्यांमध्ये कुणाकुणाला असं होतं, औषध नाही. टेर्सिल्लाचं हेच होतं. मला आता जग किल्लीच्या भोकातून दिसतं. भोकात जे मावतं ते अगदी स्वच्छ, आणि बाकी काहीच नाही. संध्याकाळी तेही नाही.

भोकातून बघितलं की लांबचं जास्त दिसतं, जवळचं कमी. रस्त्याच्या पलीकडे तू उभी राहिलीस तर मला अख्खी दिसशील. टेबलाशी बसलीस तर नुसता चेहरा, हात नाहीत. आणि अंगाशी आलीस तर एक बटण. त्या दिवशी मला तुझ्या झग्याचं निळं बटण दिसलं. वर गेले तर खांदा. हात शोधायला गेले तर ते हलत होते, भोकात येऊन निघून जात होते. एकदा करंगळी दिसली. तू काहीतरी विचारतेयस एवढं कळलं. तू चिडलीस की जवळ येतेस, शाळेपासूनची खोड आहे तुझी. एकदा जरी मागे सरकली असतीस तर मी तुला वाचलं असतं. पण हे तुला सांगायला मला तुझे डोळे सापडायला हवे होते, आणि भोवती अंधारात इतकी माणसं उभी होती. मी घाबरले. म्हणून पुन्हा वर बघितलं. वरचं दिसत होतं.

ते दोन हात माझ्या भोकात बरोबर मावले, योले. बाकीचं छत नाही, आदमचा चेहरा नाही, देवाची दाढी नाही. नुसते दोन हात आणि मधली फट. मी जन्मभर जे बघायचं म्हणत होते, तेवढंच देवाने मला दाखवलं. आणि शेजारी तुझे हात माझ्याशी बोलत होते, ते माझ्या नजरेतून निसटले. मला निवडायला सांगितलं असतं तर मी छत सोडलं असतं.

तुझ्या मुलीचा हात मी पाहिलाच नाही. तिचा चेहरा पाहिला. तुझ्या नवऱ्याची जिवणी आहे तिला. मला ती फार गोड वाटली. तिला माझ्या वतीने सांग.

आधी का नाही सांगितलं, हे तू विचारशील. तुझं मार्चमधलं पत्र काढून वाच. टेर्सिल्लाबद्दल तू लिहिलं होतंस. मी ते चुलीपाशी बसून वाचलं आणि ठरवलं, योलेला शेवटची भेटायची ती धडधाकट म्हणूनच भेटायची. तू लांबचा वळसा घालून गेलेली मला बघवलं नसतं.

डेल्फिना


रोम, १७ ऑक्टोबर १९९८

माझे डेल्फिना,

काळ्या जाड पेनाने मोठं मोठं लिहितेय. वाचता येतंय ना?

मार्चमधलं पत्र माझ्याकडे कसं असणार, वेडे, ते तुझ्याकडे आहे. ते चुलीत घाल. लगेच घाल. माझी जीभ नाही पण हात इतके लांब आहेत की कापून टाकावेत. तिबर नदीत मीच जाते आता. नाही, जात नाही. तुझ्याकडे येते.

तुझं पत्र फ्लामिनियाला वाचून दाखवलं. ती रडली. आता मला सारखी बजावते, जवळ जाऊ नकोस, आई, मागे उभी राहा. पोरीला माझ्याआधी कळलं.

तिचे दिवस भरत आलेत, नोव्हेंबरात बाळंत होईल. तिला सासू नाही, आई एकच आणि तीही मी. तिला हिंडतीफिरती करते आणि नाताळ आटोपला की पहिल्या गाडीने निघते. तुझ्या अंगणाच्या पार टोकाला, त्या अक्रोडाखाली उभी राहीन आणि तिथून हात मोठे करून तुझ्याशी दिवसभर बोलेन. शेजारीपाजारी म्हणतील रोमहून कुणी वेडी आलीय. म्हणू देत. जेवायला बसू तेव्हा मी दारात आणि तू चुलीपाशी. एवढंच ना? एवढं सोपं होतं!

तोवर डोळे जपून ठेव. वाचू नकोस, शिवू नकोस, माझ्यासाठी शिल्लक ठेव. उत्तराची घाई नाही.

तुझीच,
योले


जेमोना, २९ डिसेंबर १९९८

योले,

पट्टी धरून लिहितेय. ओळीवर ओळ चढली असेल तर माफ कर. मी काय लिहिलं ते मला दिसत नाही.

नातवाचं कळलं. सिल्वानोने माझ्या तळहातावर बोटाने एकेक अक्षर काढून तुझं पत्र वाचलं. अक्षरं मला माहीत आहेत, म्हणून जमतं. त्याला फार वेळ लागतो, आणि तो मध्येच दमतो. चांगला मुलगा आहे.

अक्रोडाखाली उभी राहू नकोस. आता लांबचंही दिसत नाही. भोक बंद झालं. पहिलं बर्फ पडलं त्या आठवड्यात. तू डोळे जपायला सांगितलंस, मी जपले. जपून राहात नाहीत ते.

आता तुझं उत्तर देऊन टाकते. देव काही म्हणत नाहीये. आदमचा हात नीट बघ. मनगट सैल, बोटं अर्धी वाकलेली, तो कुणाकडे बोट दाखवत नाही, काही मागतही नाही. तो टेर्सिल्लाचा हात आहे. शाळेत असतानाच मला तसं वाटायचं, आणि सांगायची हिंमत नव्हती, कारण मीही वळसा घालूनच जायचे. देव बोलत नाही. तो फक्त वळसा न घालता सरळ आलाय.

तू ये. आणि या वेळी अगदी जवळ ये.

डेल्फिना


रोम, २४ जानेवारी १९९९

प्रिय सिल्वानो,

मी सुखरूप पोचले. तू स्टेशनवर उभा राहिलास, मावशी मावशी करत माझी बॅग उचललीस, त्याबद्दल तुला काय सांगू. पत्र तुला लिहितेय, कारण हे सगळं आत्याच्या तळहातावर काढायचं म्हटलं तर तुझं बोट झिजेल, आणि काही गोष्टी तिला सांगवतही नाहीत.

तू सरपण आणायला गेलास तेव्हाचं सांगते. ती चुलीपाशी बसली होती. दाराची थंड हवा लागली असेल, कुणी आलं एवढं तिला कळलं. तिने हात पुढे केला, थोडासा, मनगट सैल सोडून. मी सरळ गेले. वळसा घातला नाही. माझा हात तिच्या हातात दिला.

तिने तो चाचपला. बोटं, अंगठा, अंगठी. मग चेहरा वर करून तिने विचारलं, "कोण?"

आम्ही लहानपणापासून एकमेकींचे हात बघत आलो, बाळा. तिचे हात मी हजारांत ओळखेन, ती माझे. पण ते नजरेने. धरले कधी नव्हते. धरलेले हात बोलू शकत नाहीत, म्हणून आमच्यात कुणी कुणाचे हात धरतच नाही. माझा हात तिला परका लागला. तिला वाटलं, दवाखान्याची बाई आली.

मग मी तिचं बोट धरून माझ्या भुवईवर नेलं. तिथे व्रण आहे, विहिरीच्या काठावर पडले होते त्याचा. भुवईवर दोन बोटं टेकवायची, हे माझं नाव. तिनेच ठेवलेलं. तिची बोटं त्या व्रणावर थांबली, आणि मग तिला असं रडू फुटलं की मला तिला धरून बसावं लागलं. तू सरपण घेऊन आलास तेव्हा आम्ही दोघी तशाच होतो. तू म्हणालास, झाली ना भेट छान? मी हो म्हटलं.

आता खरं सांगते. पुढचे तीन दिवस ती माझ्याशी बोलत होती, तिच्या हातांनी, पूर्वीसारखंच भरभर, आणि मला सगळं कळत होतं. पण मी उलट जे सांगत होते, तिच्या हाताखाली हात धरून, सावकाश, पुन्हा पुन्हा, ते तिला कळत नव्हतं. तुझ्यासारखी तळहातावर अक्षरं काढता आली असती, पण मला तिच्याशी आमच्याच भाषेत बोलायचं होतं. ती हसून मान हलवायची. तुला वाटलं, दोघींचं छान चाललंय. सिल्वानो, ती मान मला ओळखीची आहे. शाळेत सिस्टर तोंडाने काहीतरी बोलायच्या, आम्हाला अक्षर कळायचं नाही, आणि कळलं नाही म्हटलं तर पट्टी बसायची, म्हणून आम्ही सगळ्या हसून अशीच मान हलवायचो. ऐकणाऱ्यांसमोर आम्ही जन्मभर ती हलवली. तिने माझ्यासमोर ती कधीच हलवली नव्हती. मी सिस्टरांच्या बाजूला जाऊन बसले, या वयात, अशा वेळी. गाडीत उदिनेपर्यंत मी रडत होते.

काल सकाळी गट होता. बिल्ला घालून गेले. सगळे मान वर करून बघत होते, मी आदमच्या हाताखाली उभी राहिले आणि माझे हात उचलेनात. मग एका म्हातारीने माझ्याकडे बघून विचारलं, "देव काय म्हणतोय त्याला?" मी म्हटलं, काही नाही.

एक काम कर. खालचा मजकूर आत्याच्या तळहातावर काढ. घाई करू नकोस, एकेक अक्षर नीट काढ, आणि प्रत्येक ओळीनंतर थांब. ती हसून मान हलवायला लागली तर पुन्हा पहिल्यापासून काढ. मी इथे रोज रात्री फ्लामिनियाला डोळे बांधून बसवते आणि तिच्या हातांत बोलायला शिकते. ती म्हणते, आई, आज दोन शब्द कळले. ईस्टरला येईन तेव्हा चार कळतील एवढं शिकून येईन.

योलेमावशी

डेल्फिना,
माझ्यासमोर मान हलवू नकोस.
कळलं नाही तर नाही म्हण.
मी पुन्हा सांगेन.
हात पुढे ठेव.
योले